नाचणीचा एकच दाणा, तीन वेळा: प्रोटॉनपासून दृश्य विश्वाच्या कडेपर्यंत

प्रश्न थोडक्यात असा आहे. बेळगाव जिल्ह्याच्या खानापूर तालुक्यातल्या एका मराठी शाळेत नववीच्या वर्गाला विश्वाची मापे शिकवायची आहेत. मुलांना दहाचे घात पाठ आहेत, प्रकाशवर्षाची व्याख्या येते. पण सूर्य, आकाशगंगा आणि विश्व यांत कोण किती पटीने मोठे, असे अडवून विचारले की सगळेच ‘लई मोठं’ होते. पेशी, जिवाणू, अणू यांचेही तेच, सगळे ‘लई बारीक’. लहानापासून मोठ्यापर्यंत सरकत जाणारा तक्ता पडद्यावर दाखवून झाला, फरक पडला नाही. सगळे एकाच मांडणीत दाखवता येईल का, आणि नसेल तर काय करावे?

सर, एकाच मांडणीत ते बसत नाही. प्रोटॉन आणि दृश्य विश्व (जिथपर्यंतचा प्रकाश आपल्याकडे पोहोचला आहे तेवढे विश्व) यांच्या व्यासांत साधारण एकावर बेचाळीस शून्ये इतक्या पटीचा फरक आहे. सरकता तक्ता या फरकावर मात करतो ती प्रत्येक दहापटीला कागदावर सारखीच जागा देऊन. त्यामुळे १ मीटर ते १ किलोमीटर आणि १ किलोमीटर ते १,००० किलोमीटर या दोन उड्या डोळ्यांना एकसारख्या दिसतात. गुणाकार चालू असतो आणि मुलाला बेरीज दिसते. तक्ता चुकीचा नाही, पण तो आधी मापे हाताखालून गेलेल्या माणसासाठी आहे. नववीच्या मुलाला तो शेवटी दाखवावा.

त्याऐवजी एक वस्तू कायम ठेवा आणि तिला तीन वेगवेगळी नावे द्या. ती वस्तू म्हणजे नाचणीचा दाणा. पहिल्या वेळी तो पृथ्वी, दुसऱ्या वेळी आकाशगंगा, तिसऱ्या वेळी प्रोटॉन. प्रत्येक वेळी शेजारची वस्तू किती लांब येते ते पावलांनी चालून बघायचे. खानापूर-जांबोटी पट्ट्यात नाचणी घरोघरी असते आणि तिचा दाणा बऱ्यापैकी गोल असतो. बारीक दाणे चाळून घ्या, पट्टीला लावून २० दाणे एका रांगेत चिकटवा आणि लांबी मोजा. ती २६ मि.मी.च्या आसपास भरली की एक दाणा १.३ मि.मी.चा झाला. आपल्याला तेवढाच हवा. एक दाणा मोजू नका. पट्टीवर अर्ध्या मिलिमीटरची चूक होतेच, आणि ती वीस दाण्यांत वाटली गेली तरच परवडते.

दाण्याआधी शब्दांचा निवाडा करून टाका, कारण सीमाभागातल्या वर्गात पुष्कळ घोळ तिथेच होतो. मराठीत मूलद्रव्याचा सर्वांत लहान कण म्हणजे अणू, आणि अणू जोडून होतो तो रेणू. शेजारच्या कन्नड वर्गात त्याच मूळ कणाला ‘परमाणू’ म्हणतात आणि ‘अणू’ म्हणजे आपला रेणू. हिंदीतही तसेच आहे. तिन्ही भाषा कानावर पडणाऱ्या मुलाने ‘अणूचा आकार १ नॅनोमीटर’ असे लिहिले तर तो चुकला की भाषा बदलून बरोबर बोलला, हे आपल्यालाच कळत नाही. वहीच्या पहिल्या पानावर तिन्ही भाषांतले शब्द शेजारी शेजारी लिहून घ्या.

संख्यांची नावे त्याहून घातक. आपला अब्ज म्हणजे १०० कोटी. कन्नडमध्ये त्याला शतकोटी म्हणतात, हिंदीत अरब. इथवर ठीक. पण भास्कराचार्यांच्या ‘लीलावती’तल्या क्रमाने खर्व म्हणजे १० अब्ज, आणि हिंदीतला खरब म्हणजे १०० अब्ज. नाव जवळजवळ तेच आणि दहापटीचा फरक. म्हणून वर्गात कोटीच्या वरचे नाव वापरू नका: विश्वाचे वय १,३८० कोटी वर्षे, आकाशगंगेची रुंदी १ लाख प्रकाशवर्षे, असेच म्हणा. कोटीही पुरेनासे झाले की ‘एकावर इतकी शून्ये’.

प्रकाशवर्ष हा काळ नसून अंतर आहे, हे सांगायला नवी युक्ती लागत नाही. ‘खानापूरहून बेळगाव किती लांब?’ असे विचारले की मूल ‘बसने तासभर’ म्हणते. तासभर हे अंतराचे उत्तर झाले, कारण बसचा वेग दोघांनाही ठाऊक आहे. प्रकाश ही सेकंदाला ३ लाख कि.मी. धावणारी बस, आणि ती वर्षभरात जाते ते अंतर म्हणजे ९.४६ लाख कोटी कि.मी.

आता पहिली मांडणी: दाणा म्हणजे पृथ्वी. प्रमाण १ मि.मी. = १०,००० कि.मी. असे घ्या, हेच घ्या, कारण यात आकडेमोड तोंडी होते. पृथ्वीचा व्यास १२,७५६ कि.मी., म्हणजे १.३ मि.मी. सूर्य १३.९२ लाख कि.मी., म्हणजे १४ सें.मी. पिवळ्या पुठ्ठ्यावर कंपासने ७ सें.मी. त्रिज्येचे वर्तुळ काढून कापा आणि काठीला लावा. दोघांतले अंतर १५ कोटी कि.मी., म्हणजे १५ मीटर. शेतकऱ्याच्या पोरांना हे झटकन कळते: चौरस गुंठ्याची एक बाजू ३३ फूट, म्हणजे जवळपास १० मीटर. पृथ्वी सूर्यापासून त्या बाजूच्या दीडपट लांब.

चंद्र ०.३५ मि.मी.चा, म्हणजे बारीक रव्याचा एक कण, आणि पृथ्वीपासून ३८ मि.मी.वर. ही जोडी एकाच पुठ्ठ्यावर डिंकाने चिकटवा आणि खाली ठळक नावे लिहा, नाहीतर पृथ्वी गवतात हरवते आणि उरलेला तास ती शोधण्यात जातो.

बाकीचे ग्रह असे लावा. बुध रव्याचा कण, ५.८ मीटरवर. शुक्र दुसरा नाचणीचा दाणा, १०.८ मीटरवर. मंगळ खसखशीचा दाणा, २२.८ मीटरवर. गुरू १४ मि.मी.चा, ७८ मीटरवर. शनी १२ मि.मी.चा, १४३ मीटरवर. हे दोन्ही मातीचे करा. खानापूरची कुंभारी माती त्यासाठी उत्तम, फक्त वाळताना ती आकसते म्हणून ओली गोळी मापापेक्षा किंचित मोठी वळा आणि वाळल्यावर मोजा. युरेनस आणि नेपच्यून मिरीचे दाणे, ५ मि.मी.चे, एक २८७ मीटरवर, दुसरा ४५० मीटरवर. इतके मैदान शाळेला नसते, तेव्हा गुरूपर्यंत मैदानात आणि पुढे वर्दळ नसलेल्या पाणंदीने जा. हायवेच्या कडेने मुलांना नेऊ नका. अंतर ३० मीटरच्या टेपने मोजा. नायलॉनची दोरी ताणली की वाढते, आणि ती चूक प्रत्येक फेरीला साचत जाते.

मांडणी बरोबर झाली की नाही, याची पडताळणी आकाशच करून देते. पृथ्वीच्या पुठ्ठ्याजवळ डोळा नेऊन सूर्याच्या वर्तुळाकडे बघा. १५ मीटरवरचे १४ सें.मी.चे वर्तुळ साधारण अर्धा अंश रुंद दिसते. खरा सूर्य तेवढाच दिसतो, पण त्याच्याकडे बघायचे नाही; पौर्णिमेचा चंद्रही अर्ध्या अंशाचाच असतो. रात्री हात लांब करून करंगळीच्या टोकाने चंद्र झाका, दिवसा त्याच करंगळीने पुठ्ठ्याचा सूर्य झाका. दोन्ही सारखेच झाकले गेले तर माप जुळले. न जुळल्यास बहुतेक वेळा त्रिज्येच्या जागी व्यास धरलेला असतो.

या प्रमाणात प्रकाश सेकंदाला ३ सें.मी. सरकतो, म्हणजे मुंगीच्या चालीने. सूर्यापासून पृथ्वीपर्यंत दोरी लावा आणि एका मुलाला घड्याळाबरोबर दर सेकंदाला ३ सें.मी. बोट सरकवायला सांगा. ८ मिनिटे २० सेकंद लागतात. मध्येच थांबवू नका, वर्गाला कंटाळा येऊ द्या. सूर्यप्रकाश ‘लगेच’ येत नाही हे त्या कंटाळ्यातूनच पटते. नेपच्यूनपर्यंत त्याच चालीने चार तासांहून जास्त.

इथे हमखास होणारी चूक म्हणजे ‘पृथ्वी दिसत नाही’ म्हणून तिच्या जागी चेंडू ठेवणे. २२ सें.मी.चा फुटबॉल पृथ्वी मानला तर सूर्य २४ मीटर रुंद आणि अडीच कि.मी.हून लांब जातो. चेंडू ठेवून सूर्य मैदानातच ठेवला की पुस्तकातल्या चित्राचीच चूक झाली: आकार एका प्रमाणात, अंतरे दुसऱ्याच. पृथ्वी बारीकच दिसली पाहिजे.

व्यास आणि घनफळ यांचा घोटाळाही इथेच सोडवा. सूर्य पृथ्वीच्या १०९ पट रुंद आहे. पोटात मावणाऱ्या पृथ्वी मात्र सुमारे १३ लाख. तेवढी नाचणी, दाण्यांमधल्या पोकळीसकट, सव्वादोन लिटरच्या आसपास भरते. ती पिशवीत घालून आणा आणि एक दाणा बाजूला काढून ठेवा.

आता सर्वांत जवळचा शेजारी. आपल्याकडून नुसत्या डोळ्यांनी दिसणाऱ्यांत तो ‘मित्र’ तारा. मेच्या मध्यावर रात्री साडेअकराच्या सुमारास बेळगावहून तो दक्षिणेला, क्षितिजापासून १३ अंशांवर असतो. हात लांब करून मूठ धरली की १० अंश होतात, म्हणजे सव्वा मुठीच्या वर. त्या दिशेला डोंगर वा झाडी नको. तो ४.३७ प्रकाशवर्षे दूर आहे. आपल्या मैदानाच्या प्रमाणात सुमारे ४,१०० कि.मी. बेळगावहून सरळ रेषेत श्रीनगर साधारण २,००० कि.मी., तेवढेच पुन्हा पुढे जायचे. मध्ये काही नाही, ग्रहमालेच्या कडेचे थोडे बर्फाळ गोळे सोडले तर. १४ सें.मी.चा एक पुठ्ठा इथे आणि दुसरा हिमालय ओलांडून त्याच्याही पुष्कळ पलीकडे. हे सांगितल्यावर थोडे थांबा, मुलांना बोलू द्या.

इथून आकाशगंगेवर थेट उडी मारली तर धागा तुटतो. मध्ये एक जोडमांडणी लागते: १ मि.मी. = १ प्रकाशवर्ष. तीत मित्र तारा साडेचार मिलिमीटरवर येतो, आणि नेपच्यूनच्या कक्षेसह आपली सगळी ग्रहमाला १ मायक्रॉनची, म्हणजे मिलिमीटरच्या हजाराव्या भागाएवढी होते. उद्यमबागच्या यंत्रशाळांत ज्यांचे वडील-काका कामाला आहेत, त्या मुलांनी मायक्रॉन शब्द घरी ऐकलेला असतो. तिथल्या साध्या मायक्रोमीटरचे सर्वांत बारीक माप १० मायक्रॉन. म्हणजे आपण पायाने चाललो ते ४५० मीटर, त्याच्या दुप्पट रुंदीसह, आता त्या उपकरणाच्या एका रेघेच्या दहाव्या हिश्श्यात गेले.

या मांडणीत आकाशगंगा १०० मीटर रुंद आणि तिची तबकडी जेमतेम १ मीटर जाड. सूर्याची खूण मध्यापासून २६ मीटरवर करा आणि तिच्याभोवती पट्टीने तारे लावा: व्याध ८.६ मि.मी., अभिजित २.५ सें.मी., स्वाती ३.७ सें.मी., रोहिणी ६.५ सें.मी., चित्रा २५ सें.मी., ध्रुव साधारण ४३ सें.मी., कृत्तिका ४४ सें.मी. नुसत्या डोळ्यांनी दिसणारे बहुतेक सगळे तारे त्या खुणेभोवती मीटर-दोन मीटरच्या आतले. उरलेले मैदान आपल्याला फक्त दुधी पट्टा म्हणून दिसते. आकाशात दिसते ती सगळी आकाशगंगा, हा गैरसमज इथे आपोआप जातो.

दुसरी मांडणी: दाणा म्हणजे आकाशगंगा. १ मि.मी. = १ लाख प्रकाशवर्षे. दाणा मापापेक्षा थोडा मोठा पडतो, पण दीर्घिकेची (आपल्या आकाशगंगेसारख्या ताऱ्यांच्या प्रचंड समूहाची) कड काही रेघ मारल्यासारखी नसते, तेव्हा चालेल. देवयानी दीर्घिका २५ लाख प्रकाशवर्षांवर, म्हणजे फक्त २५ मि.मी.वर, तिच्यासाठी जरा मोठा दाणा घ्या. आपला स्थानिक समूह, म्हणजे आकाशगंगा, देवयानी आणि भोवतालच्या छोट्या दीर्घिका, सगळा १० सें.मी.त मावतो. कन्या राशीतला दीर्घिकांचा मोठा समूह ५४ सें.मी.वर. सरस्वती महासमूह, ज्याचा शोध पुण्याच्या आयुका या खगोलसंशोधन संस्थेतल्या शास्त्रज्ञांच्या गटाने २०१७ मध्ये जाहीर केला, तो ४०० कोटी प्रकाशवर्षांवर, म्हणजे ४० मीटरवर. आणि दृश्य विश्वाची कड ४६५ मीटरवर. ज्या पाणंदीच्या टोकाला काल नेपच्यून ठेवला, तिथून पंधरा मीटर पुढे.

या मांडणीत एक गोष्ट मुद्दाम दाखवा. पहिल्या मांडणीत १४ सें.मी.च्या सूर्याचा शेजारी ४,१०० कि.मी.वर होता, स्वतःच्या व्यासाच्या जवळपास तीन कोटी पट. इथे दाण्याचा शेजारी दाणा पंचवीस पटीवर आहे. ताऱ्यांमध्ये अफाट जागा, दीर्घिका मात्र एकमेकींच्या अंगाखांद्यावर. म्हणूनच दीर्घिका एकमेकींत शिरतात, मिसळतात, आणि तसे होताना त्यांतले तारे एकमेकांवर आदळण्याची शक्यता नसल्यासारखीच. दहाचे घात पाठ करून हे कधी दिसत नाही.

देवयानी मुलांना प्रत्यक्ष दाखवा. नोव्हेंबरअखेरीस, अमावास्येच्या आसपास, रात्री ९ च्या सुमाराला ती उत्तरेकडे ६५ अंश उंच असते. बेळगाव शहरातून अवघड. खानापूरच्या पश्चिमेला, भीमगडच्या जंगलाकडच्या गावांतून नुसत्या डोळ्यांनी धुरकट ठिपका दिसतो. डोळे अंधाराला सरावायला वीस मिनिटे द्या आणि मोबाइल बंद ठेवा. एका पडद्याच्या उजेडात ती वीस मिनिटे वाया जातात. ठिपका थेट बघितल्यावर नाहीसा होतो, जरा बाजूला नजर ठेवली की उमटतो. तो प्रकाश २५ लाख वर्षांपूर्वी निघालेला.

कडेवर उभे राहिले की वर्गातून एक प्रश्न येणारच: विश्वाचे वय १,३८० कोटी वर्षे, मग कड ४,६५० कोटी प्रकाशवर्षांवर कशी? प्रश्न अगदी रास्त आहे, तो टाळू नका. सायकलच्या जुन्या ट्यूबची लांब पट्टी कापा, दर २ सें.मी.वर शाईचे ठिपके द्या. एका टोकाकडून पेन्सिलीचे टोक मुंगीसारखे सरकवा आणि त्याच वेळी दोघांनी पट्टी सावकाश ताणा. मुंगी जेवढी चालली त्यापेक्षा तिच्या मागची वाट लांब भरते, कारण चालून झालेला भागही ताणला जातो. आज पोहोचणारा सर्वांत जुना प्रकाश विश्व ३.८ लाख वर्षांचे असताना निघाला. तेव्हा ती जागा आपल्यापासून सुमारे ४.२ कोटी प्रकाशवर्षांवर होती, आपल्या मांडणीत ४२ सें.मी.वर. आज ती जवळपास पाणंदीच्या टोकाला आहे. ट्यूबवर आणखी एक गोष्ट दिसते: कुठलाही ठिपका धरा, बाकीचे त्याच्यापासून दूर जातात, म्हणून मध्य असा कुठेच नाही. फक्त हे बजावून सांगा की ठिपके स्वतः ताणले जात नाहीत असे समजायचे. दीर्घिका, ग्रहमाला आणि आपण गुरुत्वाने आणि इतर बलांनी बांधलेले आहोत. हे राहिले तर कोणीतरी ‘मग आपली उंचीही वाढते का’ असे विचारतो.

तिसरी मांडणी सर्वांत कठीण, कारण खाली जाताना डोळा लवकर साथ सोडतो. साधारण ०.१ मि.मी.पेक्षा बारीक वस्तू नुसत्या डोळ्याला वेगळी दिसत नाही. म्हणून इथे आधी हजार-हजारच्या पायऱ्या उतरा आणि प्रत्येक पायरीवर एक ओळखीची वस्तू ठेवा. मिलिमीटरवर नाचणीचा दाणा. हजार पटीने खाली मायक्रॉन: डोक्याचा केस ५० ते १००, शहापूर-वडगावच्या मागावर चढणाऱ्या रेशमाचा एकेरी तंतू १० ते १५, रक्तातली तांबडी पेशी ७ ते ८, जिवाणू एक-दोन मायक्रॉन. आणखी हजार पटीने खाली नॅनोमीटर: करोना विषाणू सुमारे १००, डीएनएची जाडी २, आणि साखरेचा रेणू साधारण १. चिक्कोडी-संकेश्वर भागात साखर कारखाने आहेत, तेव्हा साखरच घ्या. १ मि.मी. बाजूच्या दाण्यात एकावर अठरा शून्ये, त्याच्या सुमारे २.८ पट रेणू असतात. आपल्या जुन्या मोजणीतले शेवटचे नाव परार्ध, एकावर सतरा शून्ये. म्हणजे एका दाण्यात २८ परार्ध. मोठ्या संख्येचे जुने नाव वापरायला मी फक्त इथे सुचवेन, कारण हातात दाणा आहे.

नॅनोमीटर मुलांना स्वतः मोजता येतो, आणि तो मोजलाच पाहिजे. ओलेइक आम्ल (वनस्पती तेलांत असणारे तेलकट आम्ल) १ मि.ली. घ्या, त्यात इथेनॉल घालून २० मि.ली. करा. त्यातले १ मि.ली. घेऊन पुन्हा इथेनॉलने २० मि.ली. करा. आता द्रावणात आम्ल ४०० भागांत १ भाग. ड्रॉपरने १ मि.ली.त किती थेंब पडतात ते मोजा. ५० पडले तर एक थेंब ०.०२ मि.ली.चा, आणि त्यात आम्ल ०.००००५ घन सें.मी. रुंद परातीत पाणी घ्या, ते स्थिर झाल्यावर टाल्कम पावडर अगदी विरळ भुरभुरवा आणि मध्ये एक थेंब सोडा. पावडर बाजूला सरून गोल निवळ जागा होते. तिचा व्यास १८ सें.मी. आला तर क्षेत्रफळ २५४ चौरस सें.मी., आणि आम्लाला तेवढ्याने भागले की थराची जाडी ०.०००००००२ सें.मी.च्या दहापट, म्हणजेच ०.००००००२ सें.मी., म्हणजे २ नॅनोमीटर. आम्ल पाण्यावर एका रेणूइतक्याच जाडीचा थर करून पसरते, म्हणून ही एका रेणूची उंची.

बिघडते ते बहुधा परातीमुळे. भांडी घासण्याच्या साबणाचा अंश राहिला तर थेंब पसरतच नाही. परात गरम पाण्याने चार-पाच वेळा खंगाळा आणि आतून बोट लावू नका. पावडर जाड पडली तर तिचाच थर थेंबाला अडवतो आणि उत्तर दुप्पट-तिप्पट येते. खडूची भुकटी बुडते, ती नको. थेंब पडताच वर्तुळ मोठे होते आणि मग आकसते. तो अल्कोहोलचा धक्का असतो, दहा-पंधरा सेकंद थांबून मग मोजा. वर्तुळ वेडेवाकडे आले तर चार दिशांनी मोजून सरासरी घ्या. औषधाच्या दुकानातले सर्जिकल स्पिरिट वापरू नका, त्यात कधीकधी एरंडेल मिसळलेले असते आणि सगळा हिशोब जातो. इथेनॉल पेटते, तेव्हा जवळ दिवा नको. १ ते ३ नॅनोमीटरमधले कुठलेही उत्तर आले तर प्रयोग साधला.

रेणूखाली अणू, नॅनोमीटरचा दहावा भाग. आता दाणा पुन्हा हातात घ्या आणि त्याला प्रोटॉन म्हणा. हायड्रोजनचा इलेक्ट्रॉन ज्या अंतरावर सापडण्याची शक्यता सर्वाधिक, ते अंतर या मांडणीत ४० मीटर येते. म्हणजे मैदानाच्या मधोमध एक दाणा आणि अणूचा पसारा कडेच्या झाडांपर्यंत. इलेक्ट्रॉनच्या जागी काहीही ठेवू नका. १ मीटरचे एकावर अठरा शून्ये इतके भाग केले तर त्यातल्या एका भागापर्यंत प्रयोगांनी शोध घेतला आहे, आणि इलेक्ट्रॉनला लांबी-रुंदी आढळलेली नाही.

इथे एक मोह आवरा. काल याच मैदानात ग्रह मांडलेले असतात, त्यामुळे ‘अणू म्हणजे छोटी ग्रहमाला’ हे वाक्य तोंडावर येते. ते म्हणू नका. ग्रह ठरलेल्या वाटेने फिरतो. इलेक्ट्रॉनला तशी वाट नाही, तो ४० मीटरच्या आतही सापडतो, बाहेरही. ती ठसठशीत रेघ न काढता रांगोळी भुरभुरवून धूसर पट्टा दाखवा. ‘अणू रिकामा, मग हात भिंतीतून का जात नाही’ असा प्रश्न आला तर उत्तर असे: भिंतीतले आणि हातातले इलेक्ट्रॉन एकमेकांना विजेच्या बलाने दूर लोटतात, शिवाय दोन इलेक्ट्रॉनांना एकच अवस्था घेता येत नाही. भरीवपणा येतो तो यातून.

पायऱ्या उतरताना हुशार मूल विचारेल की पिकोमीटरच्या, म्हणजे नॅनोमीटरच्या हजाराव्या भागाच्या पायरीवर काय ठेवायचे. अणू साधारण १०० पिकोमीटरचा, प्रोटॉन १.७ फेम्टोमीटरचा (फेम्टोमीटर म्हणजे पिकोमीटरचा हजारावा भाग), मधल्या पायरीवर ठेवायला वस्तूच नाही. ती पायरी रिकामी ठेवा, झाकू नका. प्रोटॉनच्या खाली वर्गात जाऊ नये असे माझे मत आहे. प्लँकची लांबी नुसती नावाला सांगा: ती गुरुत्व, प्रकाश आणि पुंजभौतिकीच्या स्थिरांकांतून निघालेली संख्या आहे, कोणी मोजलेली वस्तू नव्हे.

तीन मांडण्या झाल्या की फळ्यावर तीन दाणे एका रेषेत काढा आणि मधल्या पटी लिहा. प्रोटॉनपासून पृथ्वीपर्यंत जवळपास बावीस शून्ये. पृथ्वीपासून आकाशगंगेपर्यंत जेमतेम चौदा. मुलांना आधी अंदाज लिहायला लावा. बहुतेक जण उलट लिहितात. सरकता तक्ता दाखवायची वेळ ती.

वेळेचे म्हणाल तर पहिल्या मांडणीला दोन जोडतास, बाकीच्या दोन्हींना एकेक, तेलाच्या थराला वेगळा एक. पावसाळ्यात मैदान आणि आकाश दोन्ही मिळत नाहीत, म्हणून थराचा प्रयोग जुलै-ऑगस्टमध्ये उरकून घ्या आणि मैदानातले काम दिवाळीनंतर. परीक्षेत ‘प्रकाशवर्षाची व्याख्या लिहा’ याऐवजी असे विचारा: नेपच्यून मिरीचा दाणा असेल तर सूर्य केवढा आणि किती लांब? ज्याने पाणंद चालली आहे तो १४ सें.मी. आणि ४५० मीटर लिहितो.

आणि ४६५ मीटरवरच्या खुणेबद्दल. तिथे दगड किंवा काठी रोवू नका, मुलांना ती भिंत वाटते. रांगोळीची रेघ ओढा. माळावर उभे राहिल्यावर क्षितिज दिसते तसेच हे आहे: तिथपर्यंतचा प्रकाश आपल्याकडे पोहोचला आहे, पलीकडचा अजून नाही. त्या रेघेवर एक मूल उभे करा आणि विचारा, त्याची कड कुठे? ते मूल पाणंदीने आणखी ४६५ मीटर पुढे बोट दाखवेल.